चाळीस खोल्या आणि एकटे साहेब

साहेब, ते घर तुम्ही उपाशी ठेवलंत. मी नाही. फाईलमध्ये माझ्या नावावर काहीही खपवा, चाळीस खोल्यांत एकट्यानं राहायचा हट्ट तुमचा होता.

रिकामं घर खायला उठतं, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत आहे. आधी पायपुसणं जातं, मग पडदे, मग माणूस. म्हणून घर बांधणारा आधी माणसं मोजतो आणि खोल्या नंतर आखतो. मी हे कुठल्या विद्यालयात शिकले नाही. बाप गवंडी होता, त्याच्या मागे विटा वाहताना शिकले. खोलीमागे दीड माणूस. घोरणारा असला तर एकटा दोन खोल्यांना पुरतो. नवं जोडपं काही कामाचं नाही, नुसतं कुजबुजतं. तेच जोडपं दहा वर्षांनी चार खोल्या आरामात सांभाळतं.

तुमच्या नकाशाच्या कोपऱ्यात मी ठळक लिहिलं होतं : किमान साठ माणसं. तुमच्या कारकुनानं त्यावर तांबडी रेघ ओढली.

"अहो, हे घर उठेल," मी म्हटलं.

"बाई, हे साहेबांच्या दर्जाला शोभेल असं घर आहे. त्याला भूक कशी लागेल?"

"दर्जा खाऊन पोट भरत असेल तर नाही लागणार."

"सही करा आणि निघा."

मी सही केली. तेवढी चूक माझी, ती पदरात घेते.

पंधरा दिवसांत पायपुसणं गेलं. तुम्ही लिहिलंत, चोरी, आणि बिचाऱ्या पहारेकऱ्याला घरी बसवलंत. म्हणजे होता तो एक माणूसही घालवलात! मग पडदे गेले. तुम्ही लिहिलंत, कसर लागली. मग तुमचे सगळे डावे बूट गेले; त्यावर काय लिहावं ते तुम्हाला सुचलं नाही, म्हणून समिती नेमलीत. समितीची पहिली बैठक व्हायच्या आत न्हाणीघरानं तुमचा टॉवेल गिळला आणि तुम्ही पुढे एक फाईल, मागे एक फाईल धरून रस्त्यावर आलात. टपालवाल्यानं पाहिलं. त्या दिवशी त्यानं पत्रं उशिरा वाटली, कारण प्रत्येक दारात थांबून त्याला ती हकिगत सांगायची होती.

आणि परवा तुमचा हुकूम आला : मी माझ्या कुटुंबासह सोमवारपर्यंत तुमच्या घरात राहायला जावं, आमच्या गजबजाटानं घर शांत करावं. नाहीतर माझा परवाना रद्द, पुन्हा ओळंबा हातात धरायचा नाही.

कारकून हुकूम घेऊन स्वतः आला. आमच्या तीन खोल्या, त्यात अकरा माणसं. तो दारातच अडकला, तिथूनच मोठ्यानं वाचू लागला.

"चाळीस खोल्या?" सासूबाईंचे डोळे चमकले. "म्हणजे मला माझी एकटीची खोली मिळेल?"

"सासूबाई, ती खोली तुम्हाला खाईल."

"खाऊ दे. इथे तुझा दीर रोज डोकं खातोच की."

"वहिनी, बघा हं! मी काही बोललो का?" दीर म्हणाला.

"आता बोललास ना?" जाऊबाई आतून ओरडल्या.

नवरा कांदा चिरत होता. सुरी थांबवून म्हणाला, "अगं, पण आपण सगळेच तिकडे गेलो, तर या घराचं काय?"

आणि सगळे गप्प झाले.

साहेब, तीस वर्षांत आमच्या घरात असं कधी घडलं नव्हतं. हे घर आमच्या भांडणांवर लाडावलेलं आहे, त्याला उपास माहीत नाही. दोन क्षण गेले असतील नसतील, भिंतीतून गुरगुर आली आणि कारकुनाच्या डोक्यावरची टोपी गेली. फस्त! पलीकडे शिंप्याचं शिवणयंत्र थांबलं. शिंपी एकटा राहतो, त्याची खोली आमच्याच आवाजावर जगते. त्यानं भिंतीवर थाप मारली. "काय हो, कुणी गेलं का? इथे माझी कात्री सरकायला लागलीय!"

"बोला रे कुणीतरी!" सासूबाई किंचाळल्या.

दिरानं लगेच आमटीतल्या मिठाबद्दल तक्रार काढली, जाऊबाईंनी त्याचं अख्खं खानदान काढलं, आणि भिंत हळूहळू निवली. कारकून तोवर कोपऱ्यापर्यंत पळाला होता. हुकूम मात्र इथेच टाकून गेला.

तर ऐका. मी तुमच्या अडतीस खोल्या पाडून द्यायला तयार आहे, उद्या थापी-हातोडा घेऊन येते. उरलेल्या दोन तुम्हाला पुरतील. तुम्ही घोरता, हे पहारेकऱ्यानं सांगितलंय. ते नको असेल तर तुमच्या खात्यात साठ माणसं दिवसभर जांभया देत बसतात, ती तिथे नेऊन बसवा. पण माझी माणसं तुमच्या भिंतींचा चारा नाहीत.

आणि तरीही हुकूम कायम असेल, तर मला एवढंच सांगा : सोमवारी आम्ही निघाल्यावर आमच्या तीन खोल्यांत येऊन बोलणार कोण? त्या शिंप्याच्या भिंतीला आवाज कोण देणार? अकरा नावं लिहा, खाली तुमची सही करा. 'पाहू', 'कळवू', 'विचाराधीन' चालणार नाही. नावं द्या. कोण येणार?