यादीतलं पहिलं नाव

वकील वैदेहींच्या उस्मानपुऱ्यातल्या ऑफिसचा जिना चारुताबाई जवळजवळ धावतच उतरल्या. हातात निकालाची नुकतीच छापलेली, अजून कोमट असलेली प्रत होती. खाली स्कूटरला टेकून उभ्या असलेल्या धम्मपाल सरांना त्यांनी अर्ध्या जिन्यातूनच ओरडून सांगितलं,

"जिंकलो सर! जिंकलो आपण!"

सरांनी चष्मा काढला, रुमालानं पुसला आणि घालायचं विसरून तसाच हातात धरून उभे राहिले.

ते बाईंच्याच शाळेत गणित शिकवायचे. नऊ वर्षांपूर्वी गारखेड्यातल्या त्या शाळेचं मुख्याध्यापकपद संस्थेच्या अध्यक्षांच्या जावयाला मिळालं. कारण काय, तर हे जावई नोकरीला सगळ्यांच्या आधी लागले होते. बी.एड. मात्र त्यांनी आठ वर्षांनी केलं. बाईंनी नेमकं यावरच बोट ठेवून हायकोर्टात धाव घेतली. तेव्हापासून प्रत्येक तारखेला सर रजा टाकून सोबत आले होते.

कोपऱ्यावरच्या टपरीवर बाईंनी दोन चहा सांगितले आणि उभ्या उभ्याच वाचायला लागल्या.

"नेमणूक रद्द! ऐका, ऐका. ज्येष्ठता नोकरीला लागल्याच्या तारखेवरून नाही, बी.एड.सह सेवा सुरू झाल्यापासून धरायची. चार आठवड्यांत नवी यादी करायची आणि यादीत जो पहिला, त्याला..."

बाई थांबल्या. चहावाल्यानं पुढं केलेला कप त्यांना दिसला नाही.

त्या स्वतः नोकरीला लागल्या तेव्हा नुसत्या बी.एस्सी. होत्या. बी.एड. तीन वर्षांनी झालं. धम्मपाल सर त्यांच्यानंतर एका वर्षानं शाळेत आले, पण आले ते बी.एड. होऊनच.

"सर, यादीत पहिलं नाव तुमचं येतं."

"व्हय."

"तुम्हाला माहीत होतं?"

"पहिल्या दिवसापासून." सरांनी चष्मा डोळ्यांवर चढवला. "खोटं कशाला बोलू मॅडम? तुम्ही जिंकलात तरच माझा नंबर लागणार होता. लई वेळा वाटलं, सांगून टाकावं. पण तुम्ही केस सोडून दिली असती तर?"

"मग स्वतः का नाही लढलात?"

"एकदा तोंडी विचारलं होतं संस्थेत. सात महिने पगार अडवला माझा. पोरीचं कॉलेज सुटता सुटता राहिलं. पुन्हा हिंमत नाय झाली."

बाईंची कानशिलं तापली. नऊ वर्षं. वकिलाच्या फीसाठी मोडलेल्या पाटल्या, स्टाफरूममधला अबोला, आणि शेजारी बसून प्रत्येक तारखेला डबा उघडणारा हा माणूस. त्या काहीतरी कठोर बोलणार होत्या. पण सात महिन्यांचा तो आकडा त्यांनी आज पहिल्यांदाच ऐकला होता. इतकी वर्षं एकाच स्टाफरूममध्ये बसून.

"रिटायर कधी होताय?"

"पुढच्या वर्षी, मे अखेर."

बाईंची अजून सहा वर्षं होती. त्यांनी थंड होत चाललेला चहा एका दमात संपवला.

"मुख्याध्यापकपदाचा अर्ज लिहिलाय?"

सरांनी शर्टाच्या खिशाला हात लावला, पण कागद बाहेर काढला नाही.

"लिहिलाय. पण तुम्ही नको म्हणालात तर देणार नाय."

"काढा स्कूटर. संस्थेनं काही खोडा घालायच्या आत, आजच द्यायला हवा. शिक्षणाधिकाऱ्यांचं ऑफिस बंद व्हायच्या आत पोचू."

जालना रोडच्या गर्दीत सरांनी आयुष्यात पहिल्यांदा इतकी जोरात स्कूटर हाणली. मागे बाई निकालाची प्रत छातीशी धरून बसल्या होत्या. सिग्नलला थांबावं लागलं की दोघंही एकदमच घड्याळ बघायचे.

शिक्षणाधिकारी कार्यालयात आवक-जावकच्या टेबलामागचा कारकून कपाट बंद करायच्या बेतात होता. नऊ वर्षं या केसचे कागद त्याच्याच टेबलावरून गेले होते; दोघांना धापा टाकत आलेलं पाहून त्यानं शिक्का पुन्हा बाहेर काढला.

"मुख्याध्यापकपदाच्या निकालाचं ना? अर्ज कुणाचा?"

धम्मपाल सरांनी बाईंकडं पाहिलं. बाईंनी निकालाची प्रत टेबलावर ठेवली, पानाचा दुमडलेला कोपरा बोटानं सरळ केला आणि त्या टेबलापासून एक पाऊल बाजूला सरकल्या.