पेटीतली गुणगुण

ओटोकार वेंडलांटने अंग चोरून स्वतःला गादी ठोकलेल्या पेटीत घेतलं आणि दार ओढलं. चित्रपट बोलू लागल्यापासून हीच तऱ्हा. कॅमेऱ्याची घरघर आवाजात मिसळू नये म्हणून कॅमेरा आणि कॅमेरामन, दोघेही कोंडलेले. आत नुसती भट्टी. समोर काचेचा तेवढा चौकोन.

काचेपलीकडे नटी थेक्ला पाळण्याशी बसली होती. तापानं फणफणलेल्या बाळापाशी जागणारी आई. तिनं पाळण्याला झोका दिला, मान वळवली, आणि तेवढ्यात आवाजाच्या माणसानं, ग्राबोनं, कानावरची यंत्रं काढली.

"थांबा! परत कुणीतरी गुणगुणतंय."

"नळ असेल," दिव्यांवरचा कुणीसा म्हणाला.

"नळ वॉल्ट्झ म्हणतो का हो? आणि प्रत्येक वेळी तिसऱ्या ओळीत घसरतो?"

सगळे हसले. दिग्दर्शक क्रुल तेवढा हसला नाही. "सापडू दे तो गवई. आजच घरी पाठवतो त्याला."

हवेसाठी दार किलकिलं करून ओटोकार हे ऐकत होता. त्यानं खाली पाहिलं. त्याचा उजवा हात मांडीवर गोल गोल फिरत होता. मूकपटांच्या दिवसांत कॅमेरा हातानं फिरवावा लागे. वेग ढळू नये म्हणून तो एक वॉल्ट्झ, तीन ठेक्यांची नाचाची धून, गुणगुणत राही. आता मोटर फिरवते. पण हाताला हे कोण समजावणार? आणि घशाला? या वयात इथून निघाला, तर बर्लिनमध्ये दुसरं कुणी त्याला दारात उभं करणार नव्हतं.

त्यानं दार घट्ट ओढलं, रुमालाचा बोळा केला आणि दातांत धरला.

या खेपेस चिडीचूप. थेक्लानं झोका दिला, पण मान वळवायची वेळ हुकली. डोळे कोरडेच राहिले. पुन्हा घेतलं. पुन्हा तेच.

"बाई, मघाशी किती छान होतं!" क्रुल कुरकुरला.

थेक्ला उठली. पावडर ठीक करायचं निमित्त करून काचेशी आली आणि आत पाहिलं. दातांतला रुमाल. मांडीवरचा हात. तिचे ओठ हलले. आवाज आत येत नव्हता, पण हे ओठ तो कित्येक वर्षं वाचत आला होता.

"थकलो रे ओटो आपण."

मग ती वळली. ती पाठमोरी असल्यानं काय बोलली ते ओटोकारला कळलं नाही. नंतर पेटी उघडल्यावर ग्राबोनंच सांगितलं.

"अहो ग्राबो, ती गुणगुण माझीच," थेक्ला म्हणाली होती.

"तुमची? इतका जाडा आवाज?"

"दिवसभर सिगरेटी ओढते मी. कोकिळा कुठून आणू?"

हशा पिकला. क्रुलनं हनुवटी खाजवली. "मग लाजता कशाला? मोकळेपणानं म्हणा. पाळण्याशी आई गप्प थोडीच बसते?"

दिवे लागले. मोटर सुरू झाली. पेटीच्या गादीतून अगदी पुसट सूर आत आला. थेक्लाची मान वळली, नेमकी वेळेवर. गालावरून पाणी ओघळलं. मग तिसरी ओळ आली, आणि थेक्ला घसरली. जिथे तो घसरायचा, बरोबर तिथेच.

ग्राबोनं काही 'थांबा' म्हणून हात वर केला नाही.

ओटोकारनं दातांतला रुमाल काढला. मांडीवरचा हात थांबला होता. मोटर आपली फिरत राहिली.