घड्याळ जैसे थे

घड्याळजी बापाच्या माघारी दोघा भावांचं बिनसलं ते दुकानाच्या भिंतीवरच्या लंबकाच्या घड्याळावरून. थोरला म्हणे माझं, धाकटा म्हणे माझं. प्रकरण कोर्टात गेलं आणि हुकूम निघाला: निकालापर्यंत परिस्थिती जैसे थे, घड्याळाला कुणी हात लावायचा नाही. दुकान एकच, टेबलं दोन. दोघं पाठीला पाठ लावून बसू लागले. बोलणं बंद.

पण हाताला कुठं हुकूम वाचता येतो! तीस वर्षं दर सोमवारी घड्याळाला चावी देणारा धाकटा. सोमवार उजाडला की त्याचे पाय आपसूक स्टुलावर चढत. असंच चढलेलं थोरल्यानं त्याला पाहिलं आणि थेट अवमानाचा अर्ज ठोकला.

आता धाकटा न्यायाधीशबाईंसमोर उभा. गुन्हा खरा, म्हणजे तीन महिने आत. तरी त्याला आतून गुदगुल्या होत होत्या. कारण एक गोष्ट त्याला ठाऊक होती. घड्याळाला चावीची भोकं दोन: उजवं काट्यांचं, डावं ठोक्यांचं. काटे धाकट्यानं सांभाळायचे, ठोके थोरल्यानं, ही वाटणी बापानंच केलेली. चावी पुरते आठ दिवस. हुकमाला झाले तीन महिने, आणि ठोका एकही चुकला नव्हता! दर गुरुवारी धाकटा सामान आणायला बाहेर पडला की दादाही स्टुलावर चढत होता तर. पण हे बोलावं, तर दादा आत.

"काही सांगायचंय?" बाईंनी विचारलं.

"नाही, मॅडम. चावी मीच दिली. माफी असावी."

"मग हसताय कशाला?"

"हसत नाही, मॅडम. तोंडच असं आहे."

बाईंनी अर्ज वाचला. "'ऐन दहाचे ठोके पडत असताना भाऊ स्टुलावर दिसला.' ठोके पडत होते?"

"टण टण दहा!" थोरल्यानं छाती फुगवली.

"आमच्या घरीही असंच घड्याळ आहे, ठोक्यांची चावी वेगळी. तीही यांनीच दिली?"

"ह्यानं? ह्याला ठोक्यांतलं काय कळतंय! ठोक्यांना मीच दर गुरुवारी..."

पुढचं तोंडातच राहिलं. त्याच्या वकिलानं फाईल तोंडापुढे धरली. फाईल गदगदा हलू लागली.

"वा! दोघांना एकाच कोठडीत धाडू, की बाहेर बसून काही ठरवता?" बाई म्हणाल्या.

बाहेरच्या बाकावर तीन महिन्यांचं मौन सुटलं.

"तुला माहीत होतं?"

"तुझे ठोके मला कळायचे नाहीत होय, दादा?"

"मग बोलला का नाहीस, गाढवा?"

"तू आत गेल्यावर ठोके कुणी सांभाळायचे?"

थोरला चष्मा पुसत राहिला, पुसत राहिला. काच केव्हाच लख्ख झाली होती.

तडजोड लिहिताना वकील म्हणाला, "मालक कोण लिहू?"

"लिहा," थोरला म्हणाला, "सोमवारी हा, गुरुवारी मी."

बाईंनी दोघांची माफी मान्य केली, दावाही निकाली काढला. पायऱ्यांवर धाकटा थबकला. "दादा, आज सोमवार!"

दोन पांढऱ्या मिशांचे भाऊ भर रस्त्यातून पोरांसारखे धावत सुटले. दुकानात थोरल्यानं स्टूल धरलं, धाकटा चढला, चावी करकरली.

"अवमान!" थोरला खालून ओरडला.

"स्टूल कुणी धरलंय मग?"

तेवढ्यात घड्याळानं एकचा ठोका दिला, आणि हसता हसता दोघांनाही स्टूल आवरेना.