डाव्या काचेमागचा डोळा

मी बोलतोय तो संग्रहालयाच्या या कपाटातला, धुळीपासून डोळे राखणारा जुना चष्मा. तुम्ही क्षणभर बघाल आणि शेजारच्या चषकांकडे वळाल. सगळे तसंच करतात. जरा थांबा.

हार्लन प्रूइटने मला घेतलं तेव्हा तो सायकली दुरुस्त करायचा आणि अमेरिकेतल्या इंडियाना राज्यात जत्रांमध्ये मातीच्या गोल मैदानावर मोटारी पळवायचा. शर्यत संपली की चेहरा तेलाने काळाकुट्ट, माझ्याखालची दोन वर्तुळं तेवढी गोरी. लोक हसायचे, तोही हसायचा. मला त्याचा फार अभिमान होता.

त्या मोटारीत दोघे बसत. उजवीकडे हार्लन, डावीकडे त्याचा मेकॅनिक वॉल्डो. इंजिनाच्या आवाजात शब्द ऐकू येत नसे, म्हणून वॉल्डो त्याच्या मांडीवर बुक्की मारायचा. एक म्हणजे मागून कुणीतरी आलंय, दोन म्हणजे टायर गेलाय.

चौथ्या वर्षी पुढच्या गाडीच्या चाकाखालून दगड उडाला. माझी डावी काच फुटली आणि माझाच तुकडा त्याच्या डोळ्यात घुसला. दोष दगडाचा, असं मी स्वतःला सांगतो, पण मन मानत नाही.

जखम वरवर भरली. त्या डोळ्याची नजर मात्र गेली ती गेलीच. हे कुणाला कळलं असतं तर त्याला मैदानात पाऊल टाकू दिलं नसतं. त्याने मला नवी काच बसवली आणि फक्त वॉल्डोला खरं सांगितलं.

"अरे, सगळी वळणं डावीकडची," वॉल्डो म्हणाला. "आतल्या बाजूनं कुणी आलं तर?"

"तू बसलेला असतोस ना तिकडं."

"म्हणजे तेलाचा पंप मी मारायचा, टायर मी बघायचे, आता डोळाही मीच व्हायचं? तू काय करणार, नुसता फोटोला बसणार?"

पण आठ वर्षं त्याने ते निभावलं. हे चषक त्याच काळातले.

मग एकाच माणसाच्या अरुंद गाड्या आल्या आणि वॉल्डोची जागाच गेली. तसल्या गाडीतल्या हार्लनच्या पहिल्या शर्यतीच्या दुपारी तो कुंपणापाशी आला.

"हार्लन, बास झालं आता. सांगून टाक शर्यतवाल्यांना."

"ही एवढी एकच."

"आणि डावीकडचं कोण सांगणार तुला?"

हार्लनने मला डोळ्यांवर ओढलं.

तेविसाव्या फेरीत रॉस्को बेल्डन नावाचा तरुण आतल्या बाजूने शेजारी आला. मला तो स्वच्छ दिसत होता. त्याचं पुढचं चाक आमच्या सीटच्या बरोबरीला होतं, म्हणजे नियमाने वळण त्याचं होतं, वाट आम्ही द्यायची होती. हार्लन त्याच्या अंगावर वळला. रॉस्कोची गाडी कुंपण तोडून उलटली आणि तो जागच्या जागी गेला.

सगळे म्हणाले, पोरगा घाईत होता, नको तिथे घुसला.

चार दिवसांनी रॉस्कोचे वडील हार्लनच्या घरी आले. लोहारकाम करणारा माणूस, हॅट दोन्ही हातांत धरून दारातच उभा राहिला. वॉल्डो आत बसला होता, मी टेबलावर होतो.

"मिस्टर प्रूइट, आमच्या पोरानं तुमचाही जीव धोक्यात घातला. त्याच्या वतीनं माफी मागायला आलोय."

"बोल ना," वॉल्डो पुटपुटला.

हार्लनने हात पुढे केला. "झालं ते झालं," तो म्हणाला. म्हाताऱ्याने तो हात घट्ट धरला आणि त्याचे आभार मानले. वॉल्डो उठून गेला तो पुन्हा त्या घरात आला नाही.

हार्लनही पुन्हा मैदानात उतरला नाही. लोकांना वाटलं, पोराच्या मरणाने त्याचं मन मोडलं. तेही खरंच होतं. तो गेल्यावर त्याच्या बायकोने मला इथे दिलं. खालच्या कार्डावर त्याच्या तीक्ष्ण नजरेचं कौतुक आहे. ते तुम्ही हवं तर वाचा.

पण बेल्डनांच्या घरातलं कुणी कधी इथे आलं, तर त्यांना माझ्यासमोर उभं करा. त्यांचा रॉस्को घाईत नव्हता. वळण त्याचंच होतं. मी पाहिलंय.