कोपऱ्यातला दणका

शिरोली एमआयडीसीतल्या एका फौंड्रीत जिनेंद्र मगदूम भट्टी विभागाचा प्रमुख होता. हाताखाली चौदा माणसं, पण भट्टीवरचा खरा जाणता म्हणजे केरबा. वय पंचावन्न, गाव कागलच्या पुढं. नुसत्या रंगावरून लोखंड ओतायला आलं की नाही हे तो सांगायचा आणि सहसा चुकायचा नाही. जिनेंद्र नवा इंजिनिअर म्हणून लागला तेव्हा भट्टीजवळ कुठं उभं राहायचं, कुठं नाही, हे त्याला केरबानंच शिकवलं होतं. तेव्हापासून तो केरबाला मामा म्हणायचा.

मार्चमधल्या एका मंगळवारी, सकाळी सव्वादहाला, भंगारातून एक पाइप भट्टीत गेला. दोन्ही तोंडं ठोकून बंद केलेली होती आणि आत पाणी राहिलं होतं. ते कुणाच्या लक्षात आलं नाही. पाइप वितळलेल्या लोखंडात बुडाला आणि भट्टी खदखदून वर उसळायला लागली. शेडमधले दोघं दाराकडं पळाले. केरबाही त्यांच्या मागं निघाला होता. उसळलेलं लोखंड दाराच्याच अंगाला उडणार हे जिनेंद्रला दिसत होतं. पॅनेल रूमच्या दारातून तो ओरडला, "मामा, तिकडं न्हाय! कोपऱ्यात व्हा!"

केरबानं मागं वळूनही पाहिलं नाही. साहेबाचा शब्द ऐकून तो दोन काँक्रीटच्या भिंती मिळतात त्या कोपऱ्यात शिरला आणि भिंतीला पाठ लावून उभा राहिला. त्याच क्षणी स्फोट झाला. छताचे पत्रे थरथरले, पॅनेल रूमची काच फुटून जिनेंद्रच्या पायाशी पडली, आणि मग बराच वेळ वरून नुसती काजळी गळत राहिली.

दाराजवळच्या दोघांचे हात आणि पाठ भाजली. केरबा कोपऱ्यातून चालत बाहेर आला. अंगावर ओरखडासुद्धा नव्हता.

अँब्युलन्स त्या दोघांना घेऊन गेली. केरबा जिनेंद्रजवळ आला आणि म्हणाला, कानात शिट्टी वाजतीया, आन छाती दाटल्यागत झालीया. जिनेंद्रनं त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. कुठं रक्त नाही, ॲप्रनवर काजळीशिवाय काही नाही. माणूस घाबरलाय, असं त्याला वाटलं. पाणी पिऊन बाहेरच्या बाकावर जरा बसा, असं त्यानं सांगितलं. मग फोन सुरू झाले. मालक, इन्स्पेक्टर, हॉस्पिटल, भाजलेल्यांच्या घरचे. बाराच्या सुमारास केरबा स्वतः ऑफिसच्या दारात आला. पुन्हा छातीचंच सांगू लागला. जिनेंद्रच्या कानाला फोन होता. त्यानं हातानंच बसायची खूण केली.

दीड वाजायला आला तेव्हा कँटीनमधली बाई धावत आली. केरबाचे ओठ निळे पडले होते आणि तोंडातून गुलाबी फेस येत होता. जिनेंद्रनं त्याला आपल्या गाडीत घातलं आणि कोल्हापूर गाठलं. डॉक्टरांनी सांगितलं, दोन्ही फुफ्फुसांत आतल्या आत रक्त उतरलंय, डाव्या कानाचा पडदा फाटलाय. नऊ दिवस केरबा व्हेंटिलेटरवर होता. सव्वीस दिवसांनी घरी गेला.

घरी गेल्यावर त्यानं भेटेल त्याला एकच सांगायला सुरुवात केली. साहेबांनी कोपऱ्यात धाडलं म्हणून वाचलो, न्हाईतर दारात कोळसा झालो असतो. ही गोष्ट फौंड्रीत पोचली, मालकांनी जिनेंद्रची पाठ थोपटली. केरबाच्या गावानं त्याला फेटा बांधून सत्कार करायचा ठरवलं. जिनेंद्र सगळ्यांना नको नको म्हणायचा, पण ते ऐकून त्याला बरं वाटायचं. रात्री झोप लागायला त्याचा उपयोग व्हायचा.

चौकशीसाठी एका इंजिनिअरिंग कॉलेजातून वर्षाराणी नावाच्या प्राध्यापक बाई आल्या. स्फोटाच्या लाटांवर त्यांचा अभ्यास होता. त्यांनी शेडचं माप घेतलं, भिंतींवरचे तडे पाहिले आणि कोपऱ्यात जाऊन थांबल्या. जिनेंद्रला त्यांनी समजावून सांगितलं. पाण्याची एका क्षणात वाफ होते, तिला सोळाशे पट जागा लागते. ती भोवतालच्या हवेला इतक्या जोरानं ढकलते की दाबलेल्या हवेची एक भिंतच आवाजापेक्षा वेगानं सुटते. मोकळ्यावर ती पसरत जाते आणि तिचा जोर ओसरतो. पण पक्की भिंत आडवी आली की ती उलटते, आणि जाणारा दाब न् परतणारा दाब एकमेकांवर चढतात.

"दुपटीहून जास्त होतो," त्या म्हणाल्या. "आणि इथं तर दोन भिंती आहेत. अख्ख्या शेडमधली सगळ्यात वाईट जागा हीच. कातडीला काही होत नाही. जिथं आत हवा असते तिथं मार बसतो. कान, फुफ्फुसं. म्हणून बाहेरून काही दिसत नाही."

दाराजवळ असते तर, असं जिनेंद्रनं विचारलं.

भाजले असते, पण दार उघडं होतं, तिथून दाब निघून गेला. छाती बहुतेक वाचली असती, असं त्या म्हणाल्या. मग वही उघडून त्यांनी सहज विचारलं, "त्यांना कोपऱ्यात कुणी पाठवलं होतं का?"

"नाही," जिनेंद्र म्हणाला. "ते स्वतःच गेले."

त्यांनी तसं लिहून घेतलं.

त्यानंतरचे चार दिवस त्याला घरात कुणाशी धड बोलता येईना. बायको त्रिशला विचारायची, तो कामाचं कारण सांगायचा. रविवारी सकाळी गाडी काढून तो केरबाच्या गावी गेला.

केरबाची बायको चिमणाबाई हिनं त्याच्यासाठी कांदा-लसूण न घालता आमटी केली होती. केरबा उशांना टेकून बसला होता. त्यानं जिनेंद्रला उजव्या बाजूला बसवून घेतलं, डाव्या कानानं त्याला आता काही ऐकू येत नव्हतं. सत्काराची तारीख तो सांगू लागला. जिनेंद्रनं त्याला थांबवलं आणि बाईंनी सांगितलेलं सगळं सांगितलं. आपण कोपऱ्यात पाठवलं तिथंच मार बसला, आणि चौकशीत आपण खोटं बोललो, हेही सांगितलं.

केरबानं पाठीमागची उशी सारखी केली. मग दम घेत घेत म्हणाला, "तुमास्नी तरी काय ठावं हुतं, साहेब? मला तरी कुठं ठावं हुतं? वाचवायलाच सांगितलं न्हवं."

जिनेंद्रला हायसं वाटलं. ते त्याच्या चेहऱ्यावर उमटलं असावं, कारण दारात उभ्या असलेल्या चिमणाबाईनं हातातलं ताट खाली ठेवलं.

"कोपऱ्याचं ठावं न्हवतं, त्ये मला पटलं," ती म्हणाली. "पर ह्यांनी छाती दाटली म्हणून सांगितलं. एकदा न्हाय, दोनदा. तवा काय ठावं न्हवतं?"

"चिमणे," केरबा म्हणाला.

"बोलू द्या मला."

जिनेंद्र म्हणाला, "मामी, मला रक्त दिसलं नाही."

"मग रक्त दिसाय पायजे व्हतं व्हय?"

ती आत निघून गेली. केरबानं भिंतीकडं तोंड केलं. बाकावरच्या त्या तीन तासांबद्दल तो गावात आजवर कुणापाशी बोलला नव्हता, फक्त बायकोला सांगून मोकळा झाला होता, हे जिनेंद्रला तेव्हा कळलं. कोपऱ्याची चूक अजाणतेपणी झाली होती, म्हणून ती कबूल करणं सोपं होतं. तीच घेऊन तो इथवर आला होता. दुसरीबद्दल अवाक्षर न काढता उठायची त्याची तयारी होती, आणि ते या बाईनं ओळखलं होतं.

आमटी निवून गेली. त्याला जेवा म्हणून कुणी म्हटलं नाही आणि तोही थांबला नाही.

सोमवारी त्यानं चौकशी समितीला स्वतःच्या हातानं पत्र लिहिलं. केरबाला कोपऱ्यात मी पाठवलं. त्यांनी छातीचा त्रास दोनदा सांगितला. तरी मी त्यांना बाकावर बसवून ठेवलं, स्फोटानंतर तीन तास दहा मिनिटं हॉस्पिटलात नेलं नाही. आधीचा जबाब खोटा होता. वर्षाराणी बाईंनी पत्र दोनदा वाचलं आणि एवढंच विचारलं, हे अहवालाला असंच जोडायचं ना? तो हो म्हणाला.

पंधरा दिवसांत त्याला भट्टीवरून काढून स्टोअरमध्ये बसवलं. चौकशी अजून चालू आहे. सत्कार झाला नाही. फौंड्रीत आता नियम आहे: स्फोटावेळी शेडमध्ये जो कुणी असेल, त्याला जखम असो वा नसो, तो आधी हॉस्पिटलात जातो. नियमाचा मसुदा जिनेंद्रनंच लिहून दिला होता, पण त्याखाली सही दुसऱ्याची आहे.

ऑगस्टमध्ये केरबाला वरच्या मजल्यावर रजिस्टर सांभाळायचं हलकं काम मिळालं. पहिल्या दिवशी तो जिना चढताना निम्म्यावर थांबला आणि कठड्याला धरून श्वास घेऊ लागला. जिनेंद्र खाली उभा होता. वर जाऊन हात द्यावा असं त्याला वाटलं, आणि आपण द्यावा की नाही हेही कळेना. तरी तो चार पायऱ्या चढला.

"बरं वाटत नसेल तर आत्ताच डॉक्टरकडं जाऊया, मामा," तो म्हणाला.

केरबानं उजवा कान त्याच्याकडं केला. पुन्हा सांगायला लावलं. जिनेंद्रनं पुन्हा सांगितलं.

"नुसता दम लागलाय," केरबा म्हणाला. "हुईल."

जिनेंद्र तिथंच, त्याच्या दोन पायऱ्या खाली, उभा राहिला. केरबाचा श्वास जाग्यावर यायला बराच वेळ लागला. मग एकेक पायरी करत तो वर गेला.