सुलतानचा प्रसाद

बेसबॉलमधलं शैलेंद्रला ओ की ठो कळत नव्हतं. मैदानाचं बुकिंग, खेळाडूंच्या बस, पाण्याच्या बाटल्या हे त्याचं खातं. क्लबचा ऑपरेशन्स मॅनेजर म्हणून तो पुण्याहून दुबईला आला होता. त्या छोट्याशा लीगमध्ये 'रिमाल रायडर्स'चं नाव खालून पहिलं असायचं, तरी त्यांच्या मॅचला गर्दी व्हायची. ती सुलतानसाठी. सुलतान हा संघाचा मॅस्कॉट, सोनेरी केसांचा रिट्रीव्हर कुत्रा. फलंदाज बॅट टाकून पळाला की हा पठ्ठ्या डुलत डुलत मैदानात जायचा, बॅट तोंडात धरून परत आणायचा, आणि पोरं स्टेडियम डोक्यावर घ्यायची. खेळाडूंची नावं कुणाला धड सांगता यायची नाहीत, सुलतानचा वाढदिवस मात्र सगळ्यांना पाठ.

त्याला हे शिकवलं त्याच्या हँडलरने, अफनानने. चाळिशीचा, मुलतानकडचा हा माणूस मुहैस्नाहच्या कामगार कॅम्पमध्ये आठ जणांच्या खोलीत राहायचा. सुलतानचं सगळं उरकलं की स्वतः अंघोळ करून, कपडे बदलून नमाजला उभा राहायचा. चार वर्षांत त्याने एक सुट्टी घेतली नव्हती.

यंदा एप्रिलअखेर काय चमत्कार झाला कोण जाणे, संघ फायनलला पोचला. कुमुदने, म्हणजे शैलेंद्रच्या बायकोने, अल बर्शाच्या फ्लॅटमध्ये सत्यनारायण घातला. नऊ वर्षांच्या मिहिकाने हट्ट धरला, "बाबा, सुलतान हॅज टू कम!" लेकीपुढे शैलेंद्रचं काही चालायचं नाही. शनिवारी सकाळी तो सुलतानला घेऊन आला.

निघताना अफनानने खाण्याची पिशवी हातात दिली होती. "सर, घर का खाना बिलकुल नहीं. सिर्फ ये."

पूजा झाली. शिरा तुपात न्हालेला, बेदाण्यांनी गच्च भरलेला. मिहिकाला बेदाणे आवडत नाहीत. ती एकेक वेचून सुलतानला भरवत बसली, आणि तो तिची बोटं चाटत राहिला.

"अरे, त्याला घरचं देऊ नका म्हणाला होता ना अफनान?" कुमुद म्हणाली.

"प्रसादाला कुठे नाही म्हणतात?" शैलेंद्र हसला. "कांदा-लसूणसुद्धा नाही यात." आणि आपल्या द्रोणातला शिराही त्याने सुलतानपुढे सरकवला. घरातल्या सगळ्यांना प्रसाद मिळाला आणि मुक्या जिवाला नाही, हे त्याच्या मनाला पटेना. मायेनेच केलं त्याने ते.

रविवारी दुपारी क्लबच्या मालकांना फायनलच्या जाहिरातीसाठी व्हिडिओ हवा होता. वेळ शैलेंद्रनेच ठरवली, चारची. अफनान म्हणाला, "सर, धूप बहुत है." शैलेंद्र म्हणाला, "दस मिनट का काम है, यल्ला, चलो." सुलतान धावला आणि तिसऱ्या फेरीला उलटी करून बसला.

सोमवारी सकाळी दवाखान्यात डॉक्टर अजरा यांनी विचारलं, "काही वेगळं खाल्लं का? चॉकलेट, कांदा, द्राक्षं, बेदाणे? बेदाणे कुत्र्यांना विषासारखे असतात. मूत्रपिंडं जातात."

शेजारी क्लबचे मालक हाताची घडी घालून उभे होते. सांगितलं असतं तर नोकरी गेली असती, नोकरीबरोबर व्हिसा, मिहिकाची शाळा. आणि मिहिकाला काय सांगायचं होतं? कुणाच्या हातून झालं म्हणून?

"नथिंग," तो म्हणाला. "काल दुपारी उन्हात पळवलं होतं त्याला."

"कुणी?" मालकांनी विचारलं.

"हँडलरने."

डॉक्टरांनी ऊन लागल्याचा उपचार चालू केला. अजूनही बोलायला वेळ होता. सोमवारची संध्याकाळ होती, अख्खा मंगळवार होता. दवाखान्याचा नंबर फोनमध्ये होता. शैलेंद्रने तोंडात मिठाची गुळणी धरली. बुधवारी सकाळी सुलतान गेला.

कुणावर तरी खापर फुटायला हवंच होतं. अफनानचा व्हिसा रद्द करण्याचा फॉर्म शैलेंद्रनेच भरला, त्याचं खातंच होतं ते. कारणाच्या रकान्यात त्याने 'निष्काळजीपणा' लिहिलं.

शुक्रवारी विमान. गुरुवारी दुपारी, मिहिका शाळेतून आल्यावर, अफनान अल बर्शाला आला, सुलतानचा पट्टा घेऊन. "बेबी के लिए," म्हणाला. मग शैलेंद्रकडे वळला. "माफ करना, सर. मुझे उस दिन मना करना चाहिए था. मैंने मार दिया उसको."

शैलेंद्रला जमीन दुभंगावी असं वाटलं. कुमुदला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. माणूस घरातून रिकाम्या तोंडी जायला नको म्हणून तिने घाईघाईने शिरा केला आणि बशी त्याच्यापुढे ठेवली.

मिहिका पट्टा हातात घेऊन बसली होती. बशीकडे बघून म्हणाली, "सुलतान लव्ड दीज रेझिन्स. आय गेव्ह हिम ऑल ऑफ माइन."

अफनानचा चमचा थांबला. चार वर्षं कुत्रा सांभाळलेल्या माणसाला वेगळं काही सांगावं लागलं नाही. त्याने शैलेंद्रकडे पाहिलं. शैलेंद्रने मान खाली घातली.

"अंकल," मिहिकाने विचारलं, "व्हाय डिड ही डाय?"

आता हा सगळं ओकणार, म्हणून शैलेंद्रने श्वास रोखून धरला. आणि खरं सांगायचं तर, त्याने ओकावं असंही त्याला वाटलं.

"गर्मी से, बेटा," अफनान म्हणाला. "मैंने धूप में दौड़ाया. गलती मेरी थी." मग मान खाली घालून त्याने शिरा खाल्ला, बेदाण्यांसकट, सगळा.

शैलेंद्र त्याला लिफ्टपर्यंत सोडायला गेला. "अफनानभाई, मैं बॉस से बात करता हूँ. आज ही."

अफनानने लिफ्टचं दार हाताने अडवून धरलं. "करेंगे, सर?"

फोन शैलेंद्रच्या खिशात होता. मालकांचा नंबर सगळ्यांत वर. अफनान वाट पाहत उभा राहिला, त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. मग "खलास, सर," म्हणून त्याने दारावरचा हात काढला.

शैलेंद्र घरात आला. मिहिकाने विचारलं, "बाबा, आर यू क्राइंग?" तो म्हणाला, "नाही गं, ऊन फार आहे बाहेर." आणि अफनानची बशी उचलून त्याने बेसिनमध्ये ठेवली.