आरोळीआधीचा दगड

शिशाचा छर्रा अजून खिशाच्या शिवणीत होता — ज्वारीच्या दाण्याएवढा, बोटाखाली घरंगळणारा... मगनने तो पुन्हा चाचपला. पाखरं हाकायच्या माळ्यावर ऊन आलेलं, खाली दादर ज्वारी दाण्यावर आलेली, आणि हातातली गोफण रिकामी. म्हणजे दगड गेला होता. गेला होता, आणि आरोळी दिली नव्हती.

असं कधी झालं नव्हतं. बापाने, रूपचंदने, गोफण हातात दिली तीच दटावून — "पहिले आरोळी, मंग दगड. दादरमा कोन बठेल शे, तुले वरथून दखास का?" आरोळी ऐकली की आतला माणूस खाली बसतो. घसा बसला तर डबा बडवायचा, पण मुकाट दगड नाही.

आत दिवलीबाई होती. दर हिवाळ्यात डोंगरातून कामाला उतरणारी. सकाळपासून गवत कापत होती. तिच्या डोक्याचा तांबडा फडका आत्ताच तिथे दिसत होता... आता नव्हता.

गेल्या महिन्यात सारंगखेड्याच्या जत्रेत तो बापाबरोबर घोडी बघायला गेला होता, आणि घोडी बघितलीच नव्हती. छर्‍याच्या बंदुकीचा गाळा होता, पत्र्याचे रंगवलेले डाकू, आणि मागे त्याचा दोस्त मोतीलाल — "मार रे मगन, मिशावालाले मार!" टण्ण. डाकू उताणा. गाळेवाला दोरी ओढायचा, सगळे परत उभे, तसेच हसत. तिथे आरोळी नव्हती. श्वास धरायचा, डावा डोळा मिटायचा, सगळं जग बोटाएवढं व्हायचं — आणि किती बरं वाटायचं! घरी आल्यावरही बैलाचं कपाळ, पाणी शेंदणारी वहिनी, जेवायला बसलेला बाप... डोळा मिटायचाच. खेळ तो. कुणाला काय होतंय त्याने?

मग आत्ता मी काय पाहिलं? चिमण्या पाहिल्या. फडका पाहिला. आधी काय पाहिलं?

हाक मारायला हवी होती, उडी टाकून धावायला हवं होतं — आणि तो नुसता बसून होता, वाट बघत. कुणी दोरी ओढायची वाट...

ज्वारीची ताटं हलली. फडका वर आला. दिवलीबाईच्या हातात तुटलेलं कणीस होतं.

"मगनभाऊ, तोंडमा गूळ धरी बठना का? दगड उना, आरोळी नही उनी!"

"नही... ध्यान नव्हतं, दिवलीबाई."

"मन्ही मुंडीवर ध्यान व्हतं वाटस!" ती हसली. गवताचा भारा बांधायला वाकली होती, म्हणून वाचली.

तोही हसला. मग हसू तोंडातच राहिलं. ती उठली तेव्हा जीव भांड्यात पडायला हवा होता. पडला नव्हता. उठणारच होती, एवढंच वाटलं होतं.

थवा परत उतरला, तिथेच. मगनने दगड घातला आणि घसा फाटेपर्यंत आरोळी ठोकली. दिवलीबाई मुकाट्याने खाली बसली. गोफण डोक्यावर फिरत राहिली, फिरत राहिली — सोडवेना. डावा डोळा मिटलेला होता. तो मी मिटला नव्हता.